सुंबिंग ते कांको मारू: जपानला भेट मिळालेल्या डच आगबोटीबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

एकोणिसाव्या शतकातल्या आरमारांवर लिहायला लागल्यापासून एका बोटीबद्दल मला सर्वांत जास्त विचारणा होते. ती फार मोठी नव्हती, तिच्या नावावर एकही गाजलेली लढाई नाही. तरीही तिच्यावरून दरवेळी नवे वाचक तेच प्रश्न विचारतात, आणि ते विचारण्यासारखेच आहेत. म्हणून आलेले प्रश्न सोप्यापासून अडचणीच्यापर्यंत एका जागी लावले आहेत. एका उत्तराचा धागा दुसरीकडे जातो तिथे त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. सुंबिंग ही नेमकी कोणती बोट?

डच आरमाराची लाकडी, चाकांवर चालणारी युद्धनौका. तीन डोलकाठ्या, दोन्ही कुशींना एकेक चाक, १५० अश्वशक्तीचं इंजिन आणि ६ तोफा. ती १८५० च्या सुमारास नेदरलँड्समध्ये बांधली गेली आणि ईस्ट इंडीजच्या, म्हणजे आजच्या इंडोनेशियाच्या पाण्यात कामाला आली. १८५४ मध्ये ती पहिल्यांदा नागासाकीला गेली. १८५५ मध्ये डच राजा तिसरा विल्यम याच्या नावानं ती जपानच्या शोगुनला, म्हणजे तेव्हाच्या लष्करी शासकाला, भेट म्हणून देण्यात आली आणि तिचं नाव कांको मारू झालं. जपानच्या हाती आलेली ही पहिली वाफेची युद्धनौका. १८७६ मध्ये ती मोडीत निघाली.

२. डच बोटीला ‘सुंबिंग’ असं नाव कसं? काही ठिकाणी स्पेलिंगही वेगळं दिसतं.

सुंबिंग हा मध्य जावामधला ज्वालामुखी आहे, उंची ३,३७१ मीटर. डच आरमारानं आपल्या बऱ्याच आगबोटींना ज्वालामुखींची नावं दिली होती. तिच्याबरोबर नागासाकीला आलेली गेदे आणि डच आरमारातली मेरापी ही नावंही जावाच्या डोंगरांचीच. पोटात आग आणि डोक्यावर धूर असलेल्या बोटीला याहून चपखल नाव कुठलं शोधणार!

स्पेलिंगचा घोळ डच लिपीतला आहे. डच भाषेत ‘ओ’ आणि ‘ई’ ही अक्षरं जोडून आली की उच्चार ‘ऊ’ होतो. त्यामुळे जुन्या कागदांत ‘सोएंबिंग’ असं वाचलं जातं, पण बोट तीच.

३. वाफेचं इंजिन होतं, तर मग शिडं कशाला?

कोळशासाठी. त्या काळची इंजिनं कोळसा अक्षरशः गिळायची, आणि आशियाच्या किनाऱ्यावर कोळशाचे साठे मोजक्याच बंदरांत होते. त्यामुळे वारा असेल तेव्हा शिडावर जायचं आणि वारा पडला, नदीच्या मुखाशी शिरायचं झालं किंवा लढाईची वेळ आली की बॉयलर पेटवायचे, अशी रीत होती. मुंबईच्या गोदीत बांधलेली ह्यू लिंडसे ही आगबोट २० मार्च १८३० रोजी सुएझकडे निघाली, तेव्हा माणसांसाठी असलेल्या जागाही कोळशानं भरल्या होत्या. ती अडचण १८५० मध्ये कमी झाली होती, पण संपली नव्हती.

चाकांच्या बोटीत कोळशाचा आणखी एक त्रास होता, तो सहसा कुणी सांगत नाही. चाकाच्या फळ्या पाण्यात एका ठरावीक खोलीपर्यंतच बुडायला हव्यात. बंदरातून कोळसा भरून निघाल्यावर बोट खोल बसते, चाकं जास्त बुडतात आणि इंजिनाची ताकद पाणी उपसण्यातच जाते. प्रवासाच्या शेवटी कोळसा संपत येतो, बोट वर उचलली जाते आणि फळ्या पाण्याला नीट लागतच नाहीत. म्हणजे चाकं मनासारखी चालणार ती फक्त मधल्या काही दिवसांत. त्यात समुद्र खवळला की एक चाक हवेत आणि दुसरं खोल पाण्यात. मग सुकाणूवरच्या माणसाची खरी कसोटी. आणि निव्वळ शिडावर जाताना हीच चाकं पाण्यात अडसर होतात, म्हणून त्यांच्या फळ्या काढून ठेवाव्या लागत.

४. १५० अश्वशक्ती? आज एखाद्या मोटारीत एवढी असते.

हा ‘नाममात्र’ अश्वशक्तीचा आकडा आहे. तो इंजिनाची प्रत्यक्ष ताकद मोजून काढत नसत. सिलिंडरचा व्यास आणि दट्ट्याचा वेग घ्यायचा, वाफेचा दाब ठरावीक आणि अगदी कमी धरायचा, आणि गणित मांडायचं. खरी ताकद यापेक्षा बरीच जास्त असे. इंजिन विकत घेताना आकार कळावा, एवढ्यासाठीच हा आकडा उपयोगाचा. आजच्या मोटारीशी त्याची तुलना करू नका.

इंजिनरूममध्ये नोकरी केलेले वाचक बॉयलरबद्दल हमखास विचारतात. त्या पिढीतल्या बहुतेक आगबोटी बॉयलरमध्ये समुद्राचंच पाणी घेत. वाफ निघून जाई आणि मीठ मागे राही. म्हणून ठरावीक वेळानं खारट झालेलं पाणी बाहेर सोडून नवं घ्यावं लागे. त्यात कुचराई झाली की आतल्या पत्र्यावर मिठाचा थर चढे आणि पत्रा जळे. बंदरात बॉयलर गार झाला की आगवाल्यांनी आत शिरून हातोडीनं थर खरवडायचा. अशी बोट ताब्यात मिळणं म्हणजे रोजच्या रोज निगा राखायची जबाबदारी अंगावर घेणं. हे लक्षात ठेवलं तर प्रश्न १० मधली शाळा का काढावी लागली ते कळतं.

५. युद्धनौकेवर फक्त ६ तोफा?

चाकांमुळे. शिडाच्या युद्धनौकेवर तोफांची रांग दोन्ही कुशींना असते. चाकांच्या बोटीत नेमकी मधली, सर्वांत मोक्याची जागा चाकं आणि त्यांच्यावरची पेटीसारखी आच्छादनं अडवतात. शिवाय इंजिन आणि कोळसा पोटातली जागा खातात. त्यामुळे थोड्या तोफा, त्याही मुख्यतः पुढे आणि मागे, अशी रचना करावी लागे. आणि एक गोळा चाकावर बसला की बोट जागीच गरगरत राहणार, ही भीती वेगळीच.

याच कारणांनी आरमारं पाण्याखालच्या पंख्याकडे, म्हणजे प्रोपेलरकडे वळली. ३ एप्रिल १८४५ ला ब्रिटिश आरमारानं पंख्याची रॅटलर आणि चाकांची अलेक्टो या बोटी शेपटीला शेपूट बांधून विरुद्ध दिशांना ओढायला लावल्या. रॅटलरनं अलेक्टोला उलटं फरपटत नेलं. सुंबिंग त्यानंतर बांधली गेली, म्हणजे ती पाण्यात उतरली तेव्हाच तिची जात मावळतीला लागली होती. यावर चिडून लिहिणाऱ्यांसाठी प्रश्न ९ आहे.

६. जपानची दारं तर परक्यांना बंद होती. मग डच तिथे कसे?

१६४१ पासून युरोपियनांपैकी फक्त डचांना नागासाकीच्या बंदरातल्या देजिमा या लहानशा कृत्रिम बेटावर राहू दिलं होतं. हातपंख्याच्या आकाराचं बेट, शहराशी जोडणारा एक पूल, त्यावर पहारा. ज्या डच ईस्ट इंडिया कंपनीची वखार आपल्याकडे वेंगुर्ल्याला होती, तिचीच ही जपानमधली वखार. कंपनी १७९९ मध्ये बुडाली, पण देजिमा बटाव्हियाच्या (आजच्या जकार्ताच्या) डच सरकारनं चालू ठेवलं.

दोनशे वर्षांत याचा एक मोठा परिणाम झाला. युरोपातलं वैद्यक, खगोल, तोफा ओतण्याची विद्या हे सगळं जपानी विद्वानांनी डच ग्रंथांतून शिकून घेतलं. डच वाचता येणारी माणसं जपानमध्ये तयार होती. ती नसती तर नुसती बोट मिळून काही झालं नसतं.

७. डचांनी एवढी महाग वस्तू फुकट का दिली? यात त्यांचा काय फायदा?

जुलै १८५३ मध्ये अमेरिकेचा कमोडोर पेरी चार जहाजं घेऊन एदोच्या, म्हणजे आजच्या टोकियोच्या, उपसागरात शिरला. त्यांपैकी सस्क्वेहाना आणि मिसिसिपी ही दोन वाफेवर चालणारी होती, वाऱ्याची वाट न पाहता हवी तिकडे जाणारी. शोगुनच्या सरकारला आपल्याकडे आरमारच नाही हे त्या दिवशी दिसलं. त्यांनी देजिमाचे डच प्रमुख डोन्कर कुर्टियुस यांच्याकडे वाफेच्या युद्धनौकांची मागणी केली.

युरोपात तेव्हा क्रिमियाचं युद्ध पेटलं होतं आणि नेदरलँड्सला तटस्थ राहायचं होतं. मागितल्या तेवढ्या नौका ताबडतोब देणं अवघड होतं. म्हणून आधी सुंबिंगला तिच्या कप्तानासह शिकवायला पाठवलं, आणि पुढच्या वर्षी तीच बोट भेट दिली. नव्या नौकांची मागणी नोंदवली गेली, त्या पुढे आल्याच (प्रश्न १३).

फायदा होता, आणि तो लपवायचं कारण नाही. अमेरिकेशी मार्च १८५४ मध्ये तह झाला होता, दोनशे वर्षांची डचांची एकट्याची जागा जाणार हे दिसत होतं. भेट दिल्यानंतर काही महिन्यांतच, जानेवारी १८५६ मध्ये डचांचाही तह झाला आणि देजिमावरचे निर्बंध सैल झाले. माझं मत असं: स्वार्थ होताच, पण स्वार्थासाठी तोफा विकून मोकळं होता आलं असतं. बोटीबरोबर शिक्षकही देणं ही त्यापुढची गोष्ट होती.

८. १८५४ मध्ये बोट भेट दिली नव्हती. मग त्या खेपेला काय घडलं?

कप्तान होते खेरार्डुस फाबियस. त्यांनी नागासाकीच्या मुक्कामात जपानी अधिकाऱ्यांना आणि आसपासच्या संस्थानांतून आलेल्या सामुरायांना बोटीवर बोलावलं, इंजिन दाखवलं, तोफा आणि नौकानयन यांचे पहिले धडे दिले. त्याहून मोलाची त्यांची लेखी मतं आहेत. त्यांत त्यांनी आरमार कसं उभारावं ते सांगितलं: शाळा काढा, डच भाषा शिका, माणसं शिकायला नेदरलँड्सला पाठवा, आणि बोटी घ्यायच्या तर चाकांच्या घेऊ नका, पंख्याच्या घ्या.

हे शेवटचं वाक्य मी कितीही वेळा वाचलं तरी थांबतो. चाकांच्या बोटीचा कप्तान, स्वतःच्या बोटीच्या फळीवर उभं राहून, अशी बोट घेऊ नका म्हणून सांगतो आहे.

९. म्हणजे डचांनी जुनाट बोट जपानच्या गळ्यात मारली, असंच ना?

हा प्रश्न सर्वांत जास्त येतो. नाही, आणि पहिलं कारण वर आलंच: तिची मर्यादा डचांनी स्वतःहून, आधी, लिहून सांगितली होती.

दुसरं कारण मला अधिक महत्त्वाचं वाटतं. शिकायला येणाऱ्याला सर्वांत नवी बोट लागत नाही, चालवायला हातात असलेली बोट लागते. बॉयलर पेटवणं, मीठ काढणं, वाफेचा दाब सांभाळणं, शिडं आणि इंजिन यांचा मेळ घालणं, बोट धक्क्याला लावणं, हे सगळं चाकांच्या बोटीवरही तितकंच शिकता येतं. चाकं तर डोळ्यांसमोर फिरतात. इंजिन काय करतंय ते डेकवर उभं राहूनही कळतं. पाण्यात पडल्याशिवाय पोहता येत नाही म्हणतात, तसं हे पाणी होतं. लढाईसाठी सुंबिंग मागासलेली होती हे खरंच आहे. शाळा म्हणून ती उत्तम होती, आणि तिचं खरं काम तेच झालं.

१०. शाळा म्हणजे नक्की काय? कोण शिकवत होतं, कोण शिकत होतं?

१८५५ च्या अखेरीस नागासाकीत, देजिमासमोरच्या सरकारी कचेरीच्या इमारतीत आरमारी शिक्षण संस्था सुरू झाली. जपानी बाजूनं प्रमुख होते नागाई नाओयुकी. डच बाजूनं पेल्स राइकेन आणि त्यांच्यासह एकूण २२ जणांची पहिली तुकडी. १८५७ मध्ये हाउसेन फान कातेंदाइके यांच्या हाताखाली ३७ जणांची दुसरी तुकडी आली. हे दोन्ही प्रमुख पुढे मायदेशी नौदलमंत्री झाले, यावरून कोणत्या दर्जाची माणसं पाठवली होती ते ध्यानात येईल.

विषय होते गणित, नौकानयन, तोफखाना, जहाजबांधणी, वाफेची यंत्रं. वर्ग कचेरीत आणि प्रात्यक्षिक कांको मारूवर.

विद्यार्थ्यांत शोगुनची माणसं होती तशीच संस्थानांचीही. सागा संस्थानानं फार मोठी तुकडी पाठवली. कात्सु काइशू इथलाच, पुढे जपानी आरमाराच्या उभारणीतलं आघाडीचं नाव. सागाचा सानो त्सुनेतामी इथलाच, त्यानं १८७७ मध्ये जी संस्था स्थापन केली तीच पुढे जपानची रेड क्रॉस झाली. नंतरच्या तुकडीत एनोमोतो ताकेआकी होता, तो प्रश्न १६ मध्ये पुन्हा भेटेल.

दुसऱ्या तुकडीबरोबर दोन माणसं आली, त्यांना विसरू नये. डॉक्टर पोम्पे फान मेर्देरफोर्ट यांनी नागासाकीत पाश्चात्त्य वैद्यकाचं पद्धतशीर शिक्षण सुरू केलं. आणि अभियंता हेन्ड्रिक हार्देस. आगबोट आली की तिची दुरुस्ती आली, दुरुस्तीला कारखाना हवा. हार्देस यांच्या देखरेखीखाली १८५७ ला बांधायला घेतलेला लोखंडकामाचा कारखाना १८६१ मध्ये पुरा झाला. त्याचाच वारसा म्हणजे आजची मित्सुबिशीची नागासाकी गोदी.

११. शिकवणं कोणत्या भाषेत चालायचं?

डचमध्ये, दुभाष्यांमार्फत. नागासाकीत दुभाष्यांची घराणीच होती, पिढ्यान्‌पिढ्या तोच व्यवसाय. पण व्यापाराची भाषा येणं वेगळं आणि सिलिंडर, झडप, रेखांश समजावणं वेगळं. एक वाक्य शिक्षकाकडून दुभाष्याकडे, दुभाष्याकडून विद्यार्थ्याकडे. कात्सुसारख्या आधीपासून डच शिकलेल्यांना इथे फार फायदा झाला.

१२. जपानी लोकांनी ती एकट्यानं कधी चालवली?

१८५७ च्या वसंतात. शाळा सुरू होऊन दीड वर्षही झालं नव्हतं. नागाई यांच्यासह शंभराच्या आसपास शिकाऊ मंडळी कांको मारू घेऊन नागासाकीहून एदोला निघाली. डच शिक्षक मागे राहिले. कप्तान होता याताबोरी, पहिल्याच तुकडीतला विद्यार्थी. बोट सुखरूप पोहोचली आणि त्याच माणसांच्या बळावर एदोतल्या त्सुकिजीला नवं आरमारी प्रशिक्षण केंद्र सुरू झालं.

आपण या प्रवासाला हवं तेवढं महत्त्व देत नाही असं मला राहून राहून वाटतं. प्रशांत महासागर ओलांडल्याची गोष्ट सगळे सांगतात (पुढचाच प्रश्न), पण परक्या माणसाचा हात न लागता बॉयलर पेटवून निघालेली पहिली मोठी सफर ही.

१३. कांको मारू अमेरिकेला गेली होती ना?

नाही. ती कानरिन मारू. नावं सारखी वाटतात, दोन्ही डच बांधणीच्या, दोन्ही नागासाकीच्या शाळेत वापरलेल्या, म्हणून हा गोंधळ होतो. ‘मारू’ हे जपानी बोटींच्या नावापुढे लागतंच, त्यावरून काही ठरवू नये.

कानरिन मारू जपाननं पैसे मोजून बांधून घेतली, किंडरडाइकच्या फोप स्मिट यांच्या गोदीत. मूळ नाव ‘जपान’. ती पंख्याची होती, म्हणजे फाबियसचा सल्ला ऐकला गेला. १८५७ मध्ये दुसऱ्या डच तुकडीला घेऊन ती नागासाकीला आली आणि १८६० मध्ये सान फ्रान्सिस्कोला गेली. त्या सफरीत कात्सु होता, लेखक फुकुझावा युकिची होता, आणि अमेरिकी लेफ्टनंट ब्रुक आपल्या काही खलाशांसह मदतीला होता. तिच्या पाठोपाठ आलेली चोयो मारू हीसुद्धा पंख्याचीच.

१४. ‘जपानची पहिली वाफेची बोट’ म्हणणं बरोबर आहे का?

‘पहिली वाफेची युद्धनौका’ म्हणा, म्हणजे वाद उरणार नाही. कारण १८५५ मध्येच सात्सुमा संस्थानानं केवळ डच पुस्तक समोर ठेवून एक छोटी आगबोट स्वतः तयार केली होती, उन्को मारू. इंजिन १२ अश्वशक्तीचं व्हायचं होतं, पण वाफ इतकी गळायची की प्रत्यक्षात त्याच्या एका लहान भागाएवढंच काम देई. नुसत्या चित्रांवरून एवढं करणाऱ्या कारागिरांबद्दल मला नितांत आदर आहे. जपाननं स्वतः बांधलेली, खऱ्या अर्थानं वापरात आलेली आगबोट म्हणून सागाच्या र्योफू मारूचं नाव घेतात, १८६५. तिच्यामागेही नागासाकीत शिकून गेलेली सागाची माणसं होती.

१५. शिमोनोसेकीच्या लढाईत ही बोट होती का?

नव्हती. जुलै १८६३ मध्ये शिमोनोसेकीच्या सामुद्रधुनीत चोशू संस्थानाच्या तोफांना तोंड देणारी डच बोट मेदुसा, कप्तान दे कासेम्ब्रोत. ती पंख्याची कॉर्व्हेट, म्हणजे लहान युद्धनौका होती. डच बोट आणि जपान एवढ्यावरून दोघींची सांगड घातली जाते.

१६. मग कांको मारूचं पुढे काय झालं?

एदोनंतर ती काही वर्षं सागा संस्थानाकडे होती. १८६८ मध्ये शोगुनशाही कोसळली आणि सम्राटाच्या सरकारनं आरमार ताब्यात मागितलं. आरमाराचा प्रमुख तेव्हा एनोमोतो, नागासाकीच्या शाळेत शिकलेला. त्यानं चार बोटी सोपवल्या, त्यांत कांको मारू होती. चांगल्या नौका त्यानं आपल्याकडे ठेवल्या, आठ बोटी घेऊन उत्तरेला पळाला आणि होक्काइदोवर शेवटचं युद्ध लढला. त्या युद्धात दोन्ही बाजूंना नागासाकीचे विद्यार्थी आणि डच बांधणीच्या बोटी होत्या. कांको मारू मात्र त्यातून सुटली. १८७६ मध्ये ती मोडली.

१७. ‘कांको’ म्हणजे काय? कुणी म्हणतं पर्यटन, कुणी म्हणतं देशाचा प्रकाश पाहणं.

दोघंही बरोबर आहेत. नाव ‘ई चिंग’ या प्राचीन चिनी ग्रंथातल्या ओळीवरून घेतलं आहे: देशाचा प्रकाश पाहणं. दुसऱ्या देशाचं जे उत्तम ते डोळ्यांनी पाहावं, शिकावं, हा त्यातला भाव. पुढे त्याच दोन अक्षरांचा शब्द जपानीत ‘पर्यटन’ या अर्थानं रूढ झाला. आज जपानमध्ये पर्यटन कचेरीच्या पाटीवर जी अक्षरं दिसतात, तीच एकेकाळी या बोटीचं नाव होती.

१८. आज ती कुठे पाहायला मिळेल?

मूळ बोट नाही. नागासाकीत दिसते ती प्रतिकृती, १९८७ मध्ये नेदरलँड्समध्ये बांधून जपानला नेलेली. छायाचित्रं पाठवून ‘हीच ना ती?’ विचारणाऱ्यांना माझं दरवेळी हेच उत्तर असतं. पण नागासाकीला गेलात तर प्रतिकृतीबरोबर देजिमाही पाहा. भोवतीचा समुद्र आता भरून काढला आहे, तरी बेटाची मूळ वक्र कड अजून ओळखू येते. तिथून बंदराकडे पाहिलं की समोरच्या काठावर मित्सुबिशीच्या गोदीच्या याऱ्या दिसतात.